बियांचा तुंबा आणि सोवळा वाफा

मित्रांनो, मी एक जुना तुंबा आहे, नंदिगड्ड्यातल्या एका घराच्या मागच्या पडवीत वाशाला टांगलेला. तुंबा म्हणजे वाळवून पोकळ केलेला कडू भोपळा. वेलीवर लोंबत होतो तेव्हा मी मोठी स्वप्ने पाहायचो. कुणीतरी माझी वीणा करील, देवळात मी भजनाला वाजेन, असे वाटायचे. माझ्या वाट्याला आले ते बिया सांभाळणे. पण खरे सांगतो, याहून गोड काम दुसरे नाही.

मला घडवले यमुनाकाकूने. तिने मला वेलीवरून उतरवले, चुलीवरच्या धुरात वाळवले, मानेजवळ भोक पाडले आणि आत खडे घालून खुळखुळवून सगळा गर काढला. मग चाळलेली राख घातली, निर्गुडीचा पाला घातला आणि त्यात बिया सोडल्या. चवळी, मका, काकडी, तांबडा माठ आणि गोंडा. तुम्ही ज्याला झेंडू म्हणता, त्याला आमच्याकडे गोंडा म्हणतात. सगळ्या बिया एकाच पोटात. माझ्या शेजारी त्याच वाशाला कांद्यांची जुडी लोंबायची.

उन्हाळ्याच्या दुपारी रान स्तब्ध व्हायचे, दूर कॅसलरॉककडे जाणाऱ्या गाडीची शिट्टी डोंगरात विरून जायची, आणि माझ्या पोटात बिया स्वप्न पाहायच्या. चवळीच्या स्वप्नात मका यायचा, कारण तिला चढायला त्याचाच खांदा. मक्याच्या स्वप्नात काकडी यायची, कारण तीच आपली रुंद पाने पसरून त्याच्या पायाशी ओल धरायची. गोंड्याच्या स्वप्नात मात्र सगळ्याच असायच्या. तो राखणदार होता ना! वाऱ्याने मी हललो की आत बारीक सळसळ व्हायची. मला वाटायचे, मी कुणाचा तरी पाळणा आहे.

यमुनाकाकू परसात कधी नांगर लावू द्यायची नाही. ऋषिपंचमीला बायका बैलाच्या कष्टाचे खात नाहीत, हे तुम्हाला ठाऊक असेल. काकूने तो नेम सबंध चातुर्मासाला जोडला होता. डोंगरउतारावर कुदळीने केलेली नाचणी आणि हाताने खणलेल्या परसातली भाजी, एवढेच ती खायची. पेरताना मला छातीशी धरायची, मूठभर बिया ओतून घ्यायची आणि ओठांतल्या ओठांत नाम घेत टोचत जायची. मक्याजवळ चवळी, मधे माठ, कडेला गोंडा, आणि उंच बांधावर कांदा. पावसात कांदा पोसत नाही, पण पात तग धरते. तिचा उग्र वास वाफ्याभोवती घोटाळत राहायचा आणि किडे बिचकून लांब राहायचे.

एका आषाढात पेरणी झाली आणि काकूला हिवतापाने गाठले. तिचे अंथरूण पडवीत, माझ्या खालीच घातले होते. परस आले तिच्या सुनेच्या हाती. गिरजा खानापूरकडची, मोठी देवभोळी आणि सासूवर जीव लावणारी. तिने परसात पाऊल टाकले आणि ती जागीच थबकली. चातुर्मासाच्या भाजीला चिकटून कांदा! ज्या कांद्याला सासूबाई चार महिने शिवतही नाहीत, तो तिच्याच भाजीच्या वाफ्यात!

बिचारीने पदर खोचला आणि सगळा कांदा उपटला. मग तिचे लक्ष गोंड्याकडे गेले. देवाच्या डोक्यावर चढणारे फूल भाजीच्या पायाशी कसे? तिने रोपे हलक्या हाताने उचलून तुळशीपाशी लावली. मग मला खाली उतरवले आणि उरलेल्या बिया निवडून वेगवेगळ्या चिंध्यांच्या पुरचुंड्यांत बांधल्या. वाफा अगदी सोवळा झाला. तिने त्याला लांबून हातसुद्धा जोडले.

मी रिकामा टांगला गेलो. मित्रांनो, रिकाम्या पोटाला स्वप्ने पडत नाहीत. माझ्या मानेच्या भोकातून नुसता वारा घुमत राहिला.

श्रावण लागला आणि चवळीच्या कोवळ्या शेंड्यांवर काळा मावा चढला. तांबड्या भुंग्यांनी काकडीच्या पानांची चाळण केली. गिरजा रोज टोपली घेऊन जायची आणि चार चिमटलेली पाने घेऊन परत यायची. काकू नाचणीची आंबील मिठाबरोबर प्यायची. ताप उतरला होता, पण अंगात त्राण आले नव्हते.

"आत्याबाई, रामनगरच्या बाजारातनं भाजी आनू?"

"बैलाची?" काकू हसायची. "नको गं पोरी."

ऋषिपंचमी जवळ येत चालली तशी काकू अंथरुणाला अधिकच चिकटत गेली. गिरजा मागच्या दाराशी उभी राहून डोळे पुसायची. ते कुणाला दिसत नव्हते, मला दिसायचे.

अशात काकूचा धाकटा मुलगा येसाजी घरी आला. तो कॅसलरॉकला स्टेशनात हमाली करायचा. त्याने कनवटीची पुडी सोडली. आत हिरवट पूड होती.

"वैनी, हे घ्या. साहेबाच्या बंगल्यातल्या माळ्याकडनं आनलंय. गुलाबावर मारत्यात. एक किडा शिल्लक ऱ्हात न्हाई!"

गिरजाने पुडी घेतली आणि परसाकडे वळली. अंथरुणातून आवाज आला, "येश्या, गुलाब कोन खातंय रं?"

"कोन खातंय? कोनीच न्हाई."

"माझी चवळी मला खायाची हाय."

येसाजी डोके खाजवू लागला. "पावसानं धुऊन जाईल की, आये."

"धुऊन कुठं जाईल? मातीतच की. दे ती परत त्या माळ्याला. आन् गिरजे, मला जरा उठीव. परस बघू दे."

दोघांनी धरून तिला दाराशी बसवले. काकू वाफ्याकडे बघत राहिली. मग हळूच म्हणाली, "कांदा कुठं गेला गं?"

गिरजाचा चेहरा पडला. "म्याच काढला, आत्याबाई. तुमच्या नेमाच्या भाजीला इटाळ नको म्हनून."

मला वाटले, आता काकू रागावणार. पण तिला असे हसू आले की ठसका लागला.

"अगं खुळे! चातुर्मास म्या धरलाय, चवळीनं न्हाई!"

येसाजी भिंतीला टेकून हसायला लागला. "वैनी, मक्याला एकादशी कवा हाय?"

"गप बसा भावोजी!" गिरजा म्हणाली, आणि रडता रडता तीही हसली.

त्याच दिवशी कामाला सुरुवात झाली. चुलीतली राख चाळून गिरजाने सकाळच्या दवावर शेंड्यांवर उडवली. पाऊस धुऊन न्यायचा, ती पुन्हा उडवायची. परसाच्या सांदीला टाकलेला कांदा अजून जिवंत होता. तो तिने परत बांधावर रोवला. तुळशीजवळचा गोंडा मुळांच्या मातीसकट वाफ्याच्या कडेला आला. पुरचुंड्या सोडून तिने मोकळ्या जागी माठ आणि काकडी टोचली. गोंडा फुलला, तसे तांबडे ठिपकेदार किडे आले आणि माव्यावर तुटून पडले. मी वरून बघत होतो. एखादे घर माणसांनी भरावे, तसा वाफा भरत गेला.

सगळे काही परत आले नाही. मावा बसलेल्या चवळीला त्या वर्षी शेंग धरली नाही. पंचमी उजाडली तेव्हा गिरजाच्या टोपलीत तांबडा माठ होता, बांधाकडचे अळू होते, चवळीचा कोवळा पाला होता आणि जुन्या वेलीची एकुलती एक काकडी. तिने सगळे एकत्र शिजवले, कांद्याची पातही न घालता, आणि ताट सासूपुढे ठेवून बाजूला उभी राहिली.

काकूने हात जोडले. एक घास घेतला, मग दुसरा. गिरजा श्वास रोखून बघत होती.

"मीठ जरा कमी हाय," काकू म्हणाली.

मग ताट पुढे सरकवले. "आनखी वाढ गं थोडी."

मित्रांनो, तुमच्या परसात एखादे रोप तुम्हाला नकोसे वाटेल, उग्र वासाचे, भलत्याच जागी उगवलेले. त्याला जरूर हात लावा. पण उपटण्याआधी थोडे थांबा, आणि ते तिथे कुणाची राखण करत उभे आहे, एवढे बघा.