डाव्या चाकाची गोटी

यादव आबांनी उभी हयात पिकअप चालवली. शिंदखेड्याहून धुळ्याला भाजीपाला, जळगावहून पाइप. मागच्या उन्हाळ्यात अर्धांगवायूचा झटका आला, उजवं अंग लुळं पडलं आणि वाचा गेली. आता त्याच गाडीत डाव्या दाराशी बसून ते व्यायामासाठी धुळ्याच्या दवाखान्यात जात. मुलगा समाधान चालवायचा, सून सविता मधे बसून त्यांना धरायची.

त्या सकाळी गावाबाहेरच्या गतिरोधकावर त्यांच्या पायाखाली खट्ट आवाज झाला. वळणावर पुन्हा तसाच. सरळ रस्त्याला गाडी डावीकडे ओढत होती आणि समाधान नकळत स्टिअरिंग सावरत होता. आबांना शंका उरली नाही. चाक ज्या गोटीवर वळतं, तो बॉल जॉइंट झिजला होता. गोटी वाटीतून निसटली की चाक मोडून पडतं.

त्यांनी डाव्या हाताने दार बडवलं. तोंडातून नुसता घोगरा आवाज आला.

"काय जयं, आबा? उतरनं शे का?" त्यांना उतरायचं असेल असं वाटून समाधानने गाडी कडेला घेतली.

आबांनी खिडकीतून चाकाकडे बोट केलं. समाधानने उतरून टायरला लाथ मारून पाहिली. "हवा ते बराबर शे." टायरची आतली कड घासून गुळगुळीत झाली होती, पण वाकल्याशिवाय ती दिसणारी नव्हती.

"त्यास्ले काहीतरी सांगनं शे," सविता आबांकडे बघत म्हणाली.

गोटी वाटीत कशी डुगडुगते हे दाखवायला दोन हात लागतात. आबांनी सविताचा तळवा ओढला, आपली मूठ त्यात ठेवली आणि हलवली. सविताने ती मूठ घट्ट धरली. "घाबरू नका आबा. मी शे ना."

आबांचे डोळे भरून आले. तिला वाटलं, दवाखान्याची धास्ती.

गाडी निघाली. हमरस्त्याच्या अलीकडे उताराच्या वळणावर खालून कडाड्कन मोठा आवाज झाला, डावी बाजू खचली आणि गाडी घासत रस्त्याकडेच्या चारीत गेली. सविताचं कपाळ समोरच्या काचेवर आपटलं. आबांचं दार मातीत रुतलं.

मागून आलेली जीप थांबली. रक्ताळलेल्या सविताला समाधानने जीपमध्ये निजवलं. आबांना वर ओढून काढण्याइतका वेळ नव्हता. "आठेच बठा आबा, मी लगेच येस," तो म्हणाला, आणि हलता न येणाऱ्या माणसाला इथेच बसा म्हणताच ओशाळला.

शेजारच्या शेतातली झुंबरबाई पाणी घेऊन आली. ते आबांच्या हनुवटीवरून ओघळलं, तिने पदराने पुसलं.

दुपारी समाधान मिस्त्रीला घेऊन परतला. सविताला टाके पडले होते, धोका टळला होता. मिस्त्रीने मोडलेल्या चाकाशी वाकून रिकामी वाटी चाचपली. "ही बऱ्याच दिवसांपासून वाजत असणार. कोणाला ऐकू नाही आली?"

समाधानने वर पाहिलं. कलंडलेल्या केबिनमधून आबा त्याच्याचकडे बघत होते.

तो चढून आत गेला. वडिलांना उचलायला हात पुढे केले, पण उचलणं जमेना. तसाच त्यांच्या लुळ्या खांद्यावर डोकं टेकून राहिला. आबांना तो भार जाणवत नव्हता.