‘कशामुळे’चा रकाना

मित्रांनो, माझ्यात गोष्ट एकही नाही. कविता नाहीत, चित्रं नाहीत. मी रुग्णालयाच्या नोंदणी खोलीतला एक जुना संकेतकोश आहे. पानं चौदाशे. माझं वजन एवढं, की खोलीतली माणसं मला ‘ठोकळा’ म्हणतात. मीही ते मनावर घेत नाही.

जगातल्या प्रत्येक दुखण्याला माझ्याकडे एक आकडा आहे. रुग्ण इथून गेला की त्याचे कागद आमच्या खोलीत येतात. आमच्या बाई डॉक्टरांचं गिचमिड अक्षर लावतात, माझ्यात बोट फिरवून आकडा शोधतात आणि तो कागदावर लिहितात, शेजारी त्याचा अर्थही. एक आकडा ‘काय झालं’ याचा, दुसरा ‘कशामुळे’ याचा. हात मोडला हा पहिला, शिडीवरून पडून मोडला हा दुसरा. बाईंना सगळे आकडेबाई म्हणतात. पोपट चावला तर कोणता आकडा, हेही त्यांना तोंडपाठ होतं. तो आकडा सांगून त्या खोलीत आलेल्याला हमखास हसवत.

नवा होतो तेव्हा माझी काय ऐट होती! दिवसातून शंभर वेळा मला उघडत. पुढे संगणक आला आणि मी कपाटाच्या माथ्यावर गेलो. सहा वर्षं धूळ खात पडलो, कुणी ढुंकूनही पाहिलं नाही.

मग शहरात लष्कराची कारवाई सुरू झाली. वीज गेली, संगणक बंद पडले. आकडेबाई स्टुलावर चढल्या, मला खाली उतरवलं आणि बाहीनं पुसलं. मी मनातून हरखलो. खोटं कशाला बोलू? तिकडे माणसं होरपळत होती आणि इकडे मी, आपल्याला कुणी तरी विचारलं म्हणून खुशीत होतो. त्याची मला आजही लाज वाटते.

त्या आठवड्यात भाजलेल्यांचे कागद गठ्ठ्यानं आले. डॉक्टरांना मान वर करायला फुरसत नव्हती. ते नुसतं ‘भाजले’ एवढंच लिहीत. ‘कशामुळे’चा रकाना रिकामा. आता आमच्याकडे वीस वर्षांत भाजलेलं माणूस आलं ते बहुतेक शेगडीनंच. ते पान इतकं वापरातलं, की मला टेबलावर ठेवलं की मी आपोआप तिथेच उघडायचो. बाईंनी हाताच्या सवयीनं तोच आकडा लिहिला. स्वयंपाकघरातली आग, अपघात. एकामागून एक, सव्वीस जणांना. मी उघडलो, त्यांनी लिहिलं. दोघांनाही काही खटकलं नाही.

पंधरा दिवसांनी सकाळी दोन बायका खोलीत आल्या. नणंद आणि भावजय. नणंदेचे दोन्ही हात कोपरापर्यंत पट्ट्यांत होते. भावजय परगावी नोकरीला, सात वर्षांची लेक ती आत्याच्या भरवशावर ठेवून गेली होती. लेक भाजली. तिला मोठ्या रुग्णालयात हलवलं, आणि तिथे द्यायला म्हणून आमच्याकडचा कागद आईच्या हाती पडला होता.

भावजयीनं तो टेबलावर ठेवला. “बाई, हे तुम्हीच लिहिलंत ना? स्वयंपाकघरातली आग?”

“हो, मीच.”

“बघा वन्सं. यांचं तुमच्याशी काही वैर आहे का? गॅस चालू ठेवून विसरलात, तर विसरले म्हणा ना!”

“वहिनी, चार दिवस घरात गॅसच नव्हता हो! आम्ही दोघी बिस्किटांवर होतो. वरून काहीतरी पडलं आणि अख्खी गल्ली पेटली. मी तिला चादरीत गुंडाळलं, जमेल तेवढं झाकलं.” “आणि तुम्ही मला दोन दिवस बाहेर बाकावर बसवलंय, तिच्या जवळसुद्धा येऊ देत नाही.”

बाईंचा हात माझ्यावरच होता. तो त्यांनी काढून घेतला. “कोणती गल्ली?” त्यांनी विचारलं. नणंदेनं सांगितली. बाईंनी गठ्ठा ओढला आणि भराभर पत्ते वाचले. सव्विसांपैकी एकोणीस त्याच गल्लीतले, त्याच सकाळचे. एका सकाळी एका गल्लीत एकोणीस शेगड्या भडकतात का, मित्रांनो?

शेवटाकडची माझी काही पानं छापखान्यातून आली तशीच एकमेकांना चिकटलेली होती. त्यांची कधी कुणाला गरजच पडली नव्हती. बाईंनी पोलादी पट्टी घालून ती सोडवली. आत स्वच्छ छापलं होतं: लष्करी कारवाईतील आग, जखमी नागरिक.

मी हादरलो. हे माझ्यात होतं? इतकी वर्षं माझ्याच पोटात? म्हणजे मी छापला जात होतो तेव्हाच कुणीतरी टेबलाशी बसून धरून चाललं होतं, की घरात बसलेली माणसं कधीतरी अशी जळणार. तेव्हा आकडा तयार असू दे! आणि तोही पोपटाच्या आकड्यासारखाच, त्याच अक्षरांत, त्याच सरळ ओळीत. मला किळस आली स्वतःची.

तेवढ्यात नोंदणीचे साहेब डोकावले. सगळं ऐकून म्हणाले, “बाई, झालं ते झालं. सव्वीस कागद पुन्हा कुठे उकरता? ‘कारण अज्ञात’ लिहा आणि मोकळ्या व्हा.”

“अज्ञात कुठंय, साहेब? मी विचारलं नव्हतं, एवढंच.”

बाईंनी जुना आकडा खोडला, नवा लिहिला, खाली सही केली. “चूक माझी आहे,” त्या नणंदेला म्हणाल्या. भावजयीनं तो कागद दोनदा वाचला. मग तिची नजर नणंदेच्या पट्ट्यांवर गेली.

“वन्सं, तुम्हाला घास कोण भरवतंय?”

“शेजारीण. येते ती, जमेल तेव्हा.”

“चला आधी. पोरगी सारखी तुमचंच नाव घेतेय.”

त्या गेल्या. बाई उरलेल्या पंचवीस जणांचे पत्ते कागदावर उतरवून घेऊ लागल्या, एकेकाला जाऊन विचारायला.

मित्रांनो, मला कव्हर घाला, माझी पानं दुमडू नका, असं मी मागणार नाही. तुम्ही मोठे व्हाल, कुणाच्या जखमेपुढे चार शब्द लिहायची वेळ तुमच्यावर येईल. तेव्हा हाताच्या सवयीनं लिहू नका. आधी त्या माणसाला विचारा. त्या आत्याला आम्ही दोघांनी विचारलं नव्हतं, आणि जळलेले हात मांडीवर ठेवून ती दोन दिवस पोरीच्या खोलीबाहेर बाकावर बसून होती.