मोजे घातलेला गरुड

चष्मा पुसायला फडकं शोधताना टेबलाच्या खणातून ते पत्र पुन्हा वर आलं, आणि तव्याचा चटका बसावा तसा ग्रंथपालांनी हात मागे घेतला. सव्वा वर्ष असंच चाललं होतं. पत्र वाचायचं, कोरा कागद पुढे ओढायचा, ‘आपले पत्र मिळाले’ इतकं लिहायचं आणि पेनाला टोपण लावायचं.

पत्र एका डोळ्यांच्या डॉक्टरीणबाईंचं होतं. ग्रंथपालांनी निवृत्तीनंतर लिहिलेलं ‘आपल्या टापूतले शिकारी पक्षी’ हे पुस्तक घेऊन त्या सुट्टीच्या दिवशी भटकत असत. पुस्तक आवडलं होतं. फक्त तुरेवाल्या गरुडाच्या चित्राशी काही जुळत नव्हतं. ‘या गरुडाच्या पायांवर बोटांपर्यंत पिसं असतात ना? चित्रात पाय उघडे आहेत. डोकंही कबुतरासारखं लहान आहे. कृपया खुलासा करावा.’

खुलासा कसला करणार, कपाळ! चित्रं बायकोची होती. पुस्तक उशिरा परत आणणाऱ्याला दंड सांगताना जो माणूस स्वतःच माफी मागायचा, तो बायकोला ‘तुझं चित्र चुकलं’ असं कुठल्या तोंडाने सांगणार? पत्र कौतुकाचं आहे, एवढंच त्यांनी तिला सांगितलं होतं. आणि तेच अंगाशी आलं होतं.

“अहो, लिहिलंत का त्या डॉक्टरीणबाईंना?” स्वयंपाकघरातून आवाज आला.

“लिहितो.”

“ती बिचारी कौतुक करते आणि तुम्ही तोंडात गुळणी धरून बसता. द्या इकडे, मी लिहिते चार ओळी.”

“नको, नको. मीच लिहितो.”

“गेल्या उन्हाळ्यापासून लिहिताय. तेव्हाची पिल्लं उडून त्यांना पिल्लं झाली असतील.”

ग्रंथपालांनी खण लोटला. त्यातच आता दुसरी आवृत्ती निघत होती. छापखानेवाल्यांजवळ त्यांनी चाचरत विषय काढला, तेव्हा त्यांनी चुटकीसरशी तोडगा काढला होता.

“पायांवर पिसं चढवू की, सर. कॉम्प्युटरवर काय होत नाही? मॅडमना कळणारसुद्धा नाही.”

“बघा बुवा, तुम्हाला योग्य वाटेल तसं,” ग्रंथपाल म्हणाले होते. नकार द्यायला त्यांना असाही वेळ लागायचा.

दुपारी बेल वाजली. दारात छापखानेवाले, हातात प्रुफांचं पाकीट. ग्रंथपाल चपला शोधेपर्यंत बायकोने दार उघडलं होतं, पाकीट फोडलं होतं आणि जेवणाच्या टेबलावर पानं पसरली होती. एकेक पान मागे पडत गेलं. मग तिचा हात थांबला.

“याला मोजे कोणी घातले?”

छापखानेवाल्यांनी ग्रंथपालांकडे पाहिलं. ग्रंथपालांनी पंख्याकडे पाहिलं.

“मॅडम, ती वाचकांची तक्रार होती ना... सरांनी सांगितलं नाही तुम्हाला?”

“सर? चहात साखर पडली नाही तर तेही मला सांगत नाहीत सर.”

“मी फोन करतो संध्याकाळी,” छापखानेवाले दाराकडे सरकले. “पण उद्या मशीनवर चढवायचंय हं.”

दार लागलं. बायकोने नुसता हात पुढे केला. ग्रंथपालांनी मुकाट्याने खणातून पत्र आणून तिच्या हातावर ठेवलं. तिने ते उभ्यानेच वाचलं. आता तिच्या डोळ्यांत पाणी येणार, या धास्तीने ते खुर्चीची पाठ धरून उभे राहिले.

“ही बाई बरोबर सांगतेय.”

“अगं, होतं एखाद्या चित्रात असं. एवढ्या सगळ्या चित्रांत—”

“चित्राला काही झालेलं नाही.” तिने पत्र टेबलावर आपटलं. “देवा, या माणसापुढे हात टेकले! आठवतंय का, टेकडीवर, पाण्याच्या टाकीमागे? मी दुर्बिणीला डोळे लावून बसलेली, तुम्ही मांडीवर पुस्तकं घेऊन.”

त्यांचं काम नेहमी तसंच चालायचं. ती बघायची, ते विचारायचे आणि पानं उलटायचे.

“तुम्ही विचारलंत, तुरा आहे का. मी म्हटलं, आहे इवलासा. झालं! ‘सापडला, सापडला.’ मी घसा फोडून सांगतेय, तो पायाने मधमाश्यांचं पोळं उचकटतोय. तर तुम्ही काय म्हणालात?”

ग्रंथपालांना आठवलं. ‘गरुड असलं काही करत नाही. नीट बघ.’

“मी नीटच बघितलं. जे दिसलं ते काढलं. नाव तुम्ही ठेवलंत.”

“मग तेव्हाच का नाही बोललीस?”

“तुमच्यापुढे तीन पुस्तकं उघडी होती. माझ्यापुढे नुसता पक्षी.”

ती भांडी घासायला गेली. भांड्यांचा आवाज नेहमीपेक्षा मोठा होता.

ग्रंथपालांनी फडताळातून जाडजूड पुस्तक काढलं. मधुबाज. डोकं लहान, मान लांबट, तुरा आखूड, पाय उघडे. मधमाश्यांची पोळी फोडून अळ्या खातो. कितीदा तरी उलटलेलं पान. त्यांना स्वतःवर कधीच भरवसा नव्हता. पण पुस्तकात सापडलेल्या गरुडावर शंका घ्यावी, हे काही त्यांना सुचलं नव्हतं. तिच्या चुकीवर मात्र ते सव्वा वर्ष मोठ्या मायेने पांघरूण घालत बसले होते.

त्यांनी छापखान्यात फोन लावला.

“मोजे काढा.”

“अहो सर, तुम्हीच तर—”

“काढा. आणि खालचं नाव बदला. मधुबाज. चित्राला हात लावू नका.”

मग त्यांनी कागद ओढला. या वेळी ‘आपले पत्र मिळाले’च्या पुढे पेन थांबलं नाही. ‘चित्र बरोबर आहे. नाव मी चुकीचे दिले.’ ओले हात पुसत बायको मागे येऊन उभी राहिली.

“उशीर झाला, तेही लिहा.”

त्यांनी लिहिलं.

पोस्टाच्या पेटीपर्यंत ती बरोबर आली. “तुमचा काय नेम, खिशात घालून परत आणाल.”

पेटीपाशी पोहोचले, तोच समोरच्या इमारतीच्या गच्चीच्या वर एक मोठा पक्षी संथ घिरट्या घेताना तिला दिसला. ती थांबलेली पाहून सवयीने ग्रंथपालांच्या तोंडून गेलं,

“तुरा आहे का गं?”

“वर बघा.”

त्यांनी मान वर केली. चष्म्यावर ऊन आलं. त्यांनी डोळे बारीक केले आणि बराच वेळ तसेच बघत राहिले.

“काय आहे ते कळत नाही.”

“मग अजून बघा,” ती म्हणाली. आवाजातला वैताग अजून पुरता गेला नव्हता.

वरची नजर न काढता त्यांनी हाताने पेटीची फट चाचपली आणि पाकीट आत सोडलं.