सातव्या वेशीवर तिघी

रविवारी दुपारी सव्वातीन वाजता इस्मा तळ सोडून गेली. तिनं औषधांची पेटी खांद्याला अडकवली, कुणाचा निरोप घेतला नाही आणि ती टेकडीपलीकडं दिसेनाशी झाली. इस्मा ही एका व्हिडिओ गेममधली वैद्य. तिचं जाणं पाहिलं ते इंदापुरात, घराच्या माडीवर लॅपटॉपसमोर बसलेल्या मेहजबीननं. मेहजबीनचं लग्न बारामतीच्या परवेजशी ठरलं आहे आणि हा गेम ती दोघं मिळून खेळत होती.

मिळून म्हणजे एकाच वेळी नव्हे. मंगनी झाल्यावर दोन्ही घरांनी घालून दिलेला नियम असा, की फोनवर बोलायला हरकत नाही, पण निकाहपर्यंत भेटायचं नाही आणि नवरीनं सासरच्या दारात पाऊल टाकायचं नाही. बोलून बोलून किती बोलणार, म्हणून मेहजबीननंच हा गेम सुचवला. त्यात एका काफिल्याचा म्होरक्या सोबत्यांना घेऊन सात वेशी ओलांडतो. वाटेत लढाया असतात, सोबत्यांशी बोलणं असतं, आणि बोलणं वाढत गेलं तर प्रेमही जमतं. दोघांनी खातं एकच घेतलं, त्यामुळं म्होरक्याही एकच. दुपारी वडिलांच्या दुकानात गिऱ्हाईक नसलं की परवेज खेळायचा. संध्याकाळी कामावरून आल्यावर आणि रविवारी मेहजबीन. एकानं जिथं थांबवलं तिथून दुसऱ्यानं पुढं न्यायचं. झालेली प्रत्येक गोष्ट हा गेम आपोआप जतन करतो आणि मागं फिरू देत नाही.

म्होरक्याचं प्रेम कुणावर, हे सुरुवातीलाच ठरलं होतं. मेहजबीन इंदापुरात रक्त तपासणाऱ्या एका लॅबमध्ये तंत्रज्ञ आहे. तिनं इस्माला निवडलं. कामाची बाई आहे, एवढंच कारण तिनं दिलं आणि परवेजनं हो म्हटलं. इस्मा सहजासहजी बोलणारी नव्हती. तिच्या गावात आलेली साथ, तिच्या हातून न वाचलेला भाऊ, अर्धवट राहिलेलं शिक्षण, हे सगळं तिच्याकडून काढून घ्यायला मेहजबीनच्या कित्येक संध्याकाळी गेल्या.

रविवारी सातव्या वेशीआधीचा मुक्काम होता. सगळा काफिला शेकोटीभोवती बसतो आणि म्होरक्या चारचौघांत आपल्या माणसाचा हात मागतो, असा तो प्रसंग. तो बघायला मेहजबीननं धाकट्या बहिणीला, परवीनला, मुद्दाम माडीवर बोलावलं होतं. म्होरक्यानं इस्माचं नाव घेतलं आणि तिरंदाज वेरा उठून उभी राहिली. पुलावर तू मला काय म्हणालास ते हिला सांग, असं ती म्हणाली. तिच्यामागून दुना नावाची नावाडीण उठली. तिला म्होरक्यानं नदीकाठी घर बांधून द्यायचं वचन दिलेलं होतं.

पडद्यावर उत्तरासाठी तीन वाक्यं आली. त्यांतलं एकही मेहजबीनचं नव्हतं. तिनं तो पूल पाहिलेला नव्हता, नदीकाठचं घर तिला माहीत नव्हतं, पण उत्तर तिलाच द्यायचं होतं. त्यातल्या त्यात कमी खोटं वाटलं ते तिनं निवडलं: तुला फसवायचं माझ्या मनात नव्हतं. इस्मानं ऐकून घेतलं आणि पेटी उचलली. पाठोपाठ वेराही गेली. दुना राहिली, पण बोलायला गेलं की ती पाठ फिरवत होती.

परवीन सांगते, की आपा, म्हणजे थोरली बहीण, रडली नाही. तिनं लॅपटॉप तसाच उघडा ठेवला आणि बारामतीला फोन लावून स्पीकरवर टाकला.

बारामतीत मंडईजवळ परवेजच्या वडिलांचं, सरदारभाईंचं, ड्रेस मटेरियलचं दुकान आहे. लग्नसराईमुळं त्या दुपारी गर्दी होती. परवेज फोन खांद्याला दाबून धरून पीस उलगडत बोलत होता. आधी तो हसला. मग त्यानं सांगितलं ते असं: वेराला नाही म्हटलं की ती मनापासून लढत नाही, तिचे बाण चुकतात. दुनाला नाही म्हटलं की होडी मिळत नाही. म्हणून त्या जे विचारतील त्याला तो हो म्हणत गेला. प्रेम वगैरे त्याच्या डोक्यातही नव्हतं.

"गेममधल्या बाया हायत त्या," तो म्हणाला. "मी करतो सगळं नीट."

"कसं?"

याचं उत्तर राहून गेलं, कारण समोरच्या बाईनं त्याच वेळी मोरपंखी रंगात काठाचा पीस मागितला. दुकानात तसा पीस नव्हता. परवा येतोय, तुमच्यासाठी बाजूला ठेवतो, असं परवेज तिला म्हणाला. ते इंदापुरात माडीवर दोघी बहिणींना स्पष्ट ऐकू आलं.

गिऱ्हाइकाला नाही म्हणायचं नाही, ही सरदारभाईंच्या दुकानाची रीत आहे. गल्ल्यामागं एक फळी आहे, बाजूला ठेवलेल्या मालाची. तिच्यावरचा एकच पीस तिघीतिघींना कबूल केलेला असतो. जी आधी येईल ती घेऊन जाते. दुसरीला सांगायचं, उलगडून बघितला तर डाग निघाला, तुम्हाला कसा देऊ? मग तिच्यापुढं दुसरा टाकायचा. ती तो घेते आणि माणूस सरळ आहे असंही चार ठिकाणी सांगते. परवेज शाळेत होता तेव्हापासून त्या गल्ल्यावर बसतो. त्याला हे खोटं वाटत नाही, दुकान असंच चालतं असं वाटतं. आणि ते चालतं, कारण तिघी एकाच वेळी दुकानात येत नाहीत. या फळीची गंमत त्यानंच मंगनीनंतर मेहजबीनला फोनवर हसत हसत सांगितली होती.

मेहजबीनचा पुढचा प्रश्न गेमबद्दल नव्हता. तिची लॅब बारामतीत शाखा काढते आहे आणि तिथं तिला प्रमुख म्हणून घ्यायची मालकांची तयारी आहे. लग्नानंतर ती काम करणार की नाही, हे मंगळवारी संध्याकाळपर्यंत कळवायचं होतं. मंगनीच्या आधी तिनं परवेजला एवढं एकच विचारलं होतं. तो हो म्हणाला, म्हणून तिनं त्याला होकार दिला.

"माझ्या नोकरीला व्हय म्हणालात, ते फळीवरचं का खरं?"

"खरं की. असं काय इचारतीस?"

"मग आत्ता कुणालातरी एकदा न्हाय म्हणा. मला ऐकू द्या."

"कुणाला?"

"समोर बाई हाय ना. मोरपंखी न्हाय म्हणून सांगा तिला."

पलीकडून कापड झटकल्याचा आवाज आला. मग परवेज म्हणाला, गर्दी आहे, संध्याकाळी बोलू.

संध्याकाळी तो बोलला नाही, गेममध्ये शिरला. टेकडीपलीकडं जायला रस्ता नव्हता. दुनाला त्यानं जवळचं सगळं देऊन पाहिलं, तिनं ते घेतलं आणि पाठ फिरवली. या गेमवर लोकांनी केलेले व्हिडिओ त्यानं एकामागून एक पाहिले. सगळ्यांचं म्हणणं एकच: गेलेला सोबती परत येत नाही. म्होरक्याला तळावर थांबता येतं किंवा एकट्यानं वेस ओलांडता येते, तिसरी वाट नाही. त्यानं मेहजबीनला मेसेज केला, की आपण पहिल्या वेशीपासून नवा खेळ मांडू, या वेळी फक्त इस्मा. तिचं उत्तर आलं: नवीन मांडला तर तिला काही आठवणार नाही, मला आठवेल.

सोमवारी मेहजबीननं सुट्टी टाकली आणि परवीनला घेऊन बारामतीची एसटी धरली. दुपारी दोघी दुकानाच्या पायरीवर उभ्या होत्या. परवेजची आई रोशनबी आतच बसली होती. ठरलेली सून निकाहच्या आधी दारात बघून ती जागेवरून उठली. परवीननं चपला काढल्या.

"गिऱ्हाईक म्हणून आलोय, खाला. न्हाय म्हणायची रीत न्हाय ना तुमच्याकडं?"

रोशनबी हसली आणि तिनं चहा सांगितला. आता आलीच आहेस तर बघून घे, असं म्हणत तिनं मेहजबीनला दुकानाच्या डाव्या अंगाला नेलं. तिथं नवा काउंटर होता. काच होती, आरसा होता, बसायला उंच स्टूल होतं. फक्त बायकांसाठी. रोशनबीचे गुडघे आता साथ देत नाहीत, उभं राहवत नाही. सून बसेल का, असं तिनं लेकाला विचारलं होतं. तो हो म्हणाला, मग सुतार बोलावला. पिंपळी गावच्या नातेवाइकांनाही तिनं तसं सांगून ठेवलं होतं. त्यात लपवण्यासारखं तिला काही वाटत नव्हतं.

"कधी इचारलंत, खाला?" मेहजबीननं विचारलं.

"रमजानच्या आधी."

मेहजबीनही नोकरीचं रमजानच्या आधीच विचारून बसली होती. ती काउंटरजवळच उभी राहिली. परवेज पलीकडं पिसांच्या घड्या घालत होता.

"खाला हितं हायत, मी बी हितं हाय," ती त्याला म्हणाली. "आता सांगा."

परवेजनं घडी पूर्ण केली. तो काय म्हणाला याबद्दल दोन्ही घरांत दुमत नाही. सकाळी लॅब, दुपारनंतर दुकान, दोन्ही जमेल, असं तो म्हणाला. गल्ल्यावरून सरदारभाईंनी मान हलवली. त्यांच्या लेखी विषय चांगला मिटला होता. लॅबमधलं काम सकाळपासून संध्याकाळपर्यंतचं आहे, हे मेहजबीननं शांतपणे सांगितलं. गिऱ्हाईक सकाळीच असतं, हे रोशनबीला कुणी सांगायची गरज नव्हती. ती लेकाकडं बघत होती.

"मला व्हय म्हणालास, तवा हिला काय म्हणाला हुतास?"

परवेजनं घडी घालायला पुढचा पीस उचलला.

"मी बी गिऱ्हाईकच का रं?"

तेवढ्यात चहा आला. कुणी कप उचलेना, तेव्हा परवीननं उचलला आणि वातावरण हलकं करायला परवेजला म्हणाली, दाजी, निदान मोरपंखी तरी दाखवा. तो बोलायच्या आत गल्ल्यावरून सरदारभाईंनी सवयीनं उत्तर दिलं.

"उद्या येतोय, पोरी. बाजूला ठिवतो."

मेहजबीननं ओढणी सारखी केली. रोशनबीला सलाम करून ती पायरी उतरली. परवेज एसटी स्टँडपर्यंत मागं गेला. तिथं तो काय बोलला ते परवीनला गाड्यांच्या आवाजात नीट ऐकू आलं नाही. तो बराच वेळ बोलत होता आणि आपा गाडीच्या पाटीकडं बघत होती, एवढं तिनं पाहिलं.

लग्न मोडल्याचा निरोप इंदापूरहून आलेला नाही. तारीख पुढं ढकलल्याचाही नाही. मंगळवारी सकाळपासून मेहजबीननं परवेजचा फोन उचलला नाही. परवीननं एकदा उचलला आणि आपा कामावर गेली आहे, असं सांगितलं. शाखेबद्दल आपानं मालकांना काय कळवलं, हे परवीनलाही माहीत नव्हतं.

दुपारी दुकान रिकामं होतं. नव्या काउंटरच्या स्टुलावर रोशनबी स्वतः बसली होती आणि लेकाशी बोलत नव्हती. मोरपंखी पीस मागणारी बाई येऊन गेली होती. माल आला नव्हता. परवेजनं तिला काय सांगायचं ठरवलं होतं ते कळायला मार्ग नाही, कारण तो तोंड उघडायच्या आत रोशनबीनंच तिला सांगितलं, की न्हाय, आपल्याकडं न्हाय. बाई पुढच्या दुकानात गेली.

मग परवेजनं लॅपटॉप उघडला. गेम सुरू झाला नाही. हे खातं दुसऱ्या ठिकाणी वापरात आहे, अशी ओळ पडद्यावर आली. खातं दोघांचंच, म्हणजे कामावर गेली म्हणून सांगितलेली मेहजबीनच तिथं होती. त्या ओळीखाली म्होरक्याचा ठावठिकाणा होता: सातवी वेस. तो तळावर थांबला आहे की वेस ओलांडतो आहे, हे त्यावरून कळत नव्हतं. परवेजनं लॅपटॉप बंद करून पुन्हा उघडला. साडेपाच वाजले तरी तीच ओळ होती.