गडगडाट करायला निघालेला टोप

मी एक जुना पितळी टोप आहे. मित्रांनो, जगात टोप पुष्कळ आहेत, पण ग्रीक देवांनी जातीने लक्ष घालून शिक्षा केलेला मी एकटाच. माझा जन्म पेणचा, मुक्काम जर्मनीत. या प्रकरणात ग्रीक देवांचा अधिकार नेमका कुठून आला, हे मला अजून कुणी सांगितलेलं नाही.

दत्ता तांबटांनी मला ठोकून ठोकून घडवलं. ज्याला एवढं ठोकतात तो पुढे नम्र होतो असा समज आहे. मी झालो नाही. बाहेरून झगझगीत पितळ, आतून चांदीसारखी कल्हई, कडेवर कोरलेलं मनोरमाबाईंचं नाव. त्या नवी नवरी, मी नवा टोप. सासरी आमची दोघांची परीक्षा एकाच मसालेभातावर झाली आणि दोघंही पास झालो. मग डोंबिवलीत कुणाची मुंज असो की डोहाळजेवण, ‘मनोरमाबाईंचा टोप आणलात का?’ हे विचारल्याशिवाय कुणी तांदूळ धूत नसे. हळूहळू माझी खात्री पटली, की लोक जेवायला येतच नाहीत. मला बघायला येतात, आणि आलेच आहेत म्हणून जेवतात.

पुढे त्यांचा मुलगा गुरुदत्त इंजिनीअर होऊन हेर्त्सोगेनआउराखला नोकरीला लागला. गावाचं नाव नीट म्हणता येईपर्यंत त्याला बढतीही मिळाली. मनोरमाबाई पहिल्यांदा त्याच्याकडे निघाल्या, तेव्हा त्यांनी बॅगेतले स्वेटर काढले आणि मला घातलं.

सून मीनलने मला शेगडीवर ठेवलं. शेगडी इंडक्शनची. तिने टिंग केलं आणि काचेवर एक खूण दाखवली. तिचा अर्थ, इथे भांडंच ठेवलेलं नाही.

“आई, हिला पितळ ओळखता येत नाही. लोखंडाचं बूड लागतं,” मीनल म्हणाली.

“मग शेगडीचं शिक्षण कमी पडलंय,” मनोरमाबाई म्हणाल्या. “माझ्या टोपाला नावं ठेवू नकोस.”

त्या परत गेल्या, मी राहिलो. दाराशी, पोटात ओल्या छत्र्या घेऊन. काही वर्षांत मी इतका काळवंडलो की पाहुणे मला लोखंडी समजू लागले. लोखंड पाहिजे होतं तेव्हा मात्र कुणी समजलं नाही.

यंदाच्या उन्हाळ्यात मीनलने जाहीर केलं, की शनिवारी टोप वेर्टश्टॉफहोफला जाणार. म्हणजे गावातलं भंगार जिथे शिस्तीने वेगवेगळं करून टाकतात तिथे. धातूसाठी तिथे एक भलामोठा डबा आहे आणि त्यातून परत आलेलं कुणी ऐकिवात नाही. मनोरमाबाई नुकत्याच भारतातून आल्या होत्या. सुनेच्या घरात आपण बोलायचं नाही, असं त्यांनी ठरवलं होतं, आणि हे त्या सगळ्यांना रोज सांगत होत्या.

मला वाचवलं नात अवनीने. तिच्या शाळेत नाटक होतं, आणि ती त्यात राजा सॅल्मोनिअस होती. हा ग्रीक राजा स्वतःला देवांचा राजा झ्यूस म्हणवून घ्यायचा. रथामागे भांडी बांधून तो गावभर फरफटवायचा आणि सांगायचा, ऐका, हा माझा गडगडाट. शेवटी खऱ्या झ्यूसने त्याच्यावर खरी वीज टाकली.

“आल्झो, म्हणजे असं बघा, बाबा,” अवनी म्हणाली, “गडगडाटासाठी आणलेला आमचा पत्रा खोकल्यासारखा वाजतो. बाई म्हणतात, मग आवाज स्पीकरवर लावू. पण राजाने स्वतः वाजवायला नको का? तोच तर त्याचा गुन्हा आहे.”

“गुन्हा नीट व्हायला पाहिजे,” गुरुदत्त म्हणाला, आणि त्याची नजर माझ्यावर पडली.

त्याने मला लख्ख घासलं, दोरीने हातगाडीमागे बांधलं आणि दगडी रस्त्यावर चाचणी घेतली. रविवारी दुपारी. मित्रांनो, त्या गावात रविवारी लोक शिंकतानाही खिडकी लावून घेतात. आम्ही कोपऱ्यापर्यंत पोहोचलो नव्हतो, तोच शेजारचे हेर ब्रांडल, म्हणजे आपल्याकडचे ब्रांडलसाहेब, चपला घालून समोर उभे.

“आज रविवार आहे,” ते म्हणाले.

“हा झ्यूसचा गडगडाट आहे,” गुरुदत्तने खुलासा केला.

“झ्यूसनेही सोमवारी यावं,” हेर ब्रांडल म्हणाले.

खरा देव समोर येऊन ताकीद देऊन गेला होता. मला कळलं नाही. मला एवढंच कळलं, की माझा आवाज चार घरं ओलांडून जातो. वीज चमकली की यापुढे लोकांनी आभाळाकडे न बघता माझ्याकडे बघावं, असं माझं मत झालं.

नाटकाच्या दिवशी मी जीव तोडून वाजलो. पुढच्या रांगेने कानांवर हात ठेवले. हातगाडीत उभी राहून अवनी ओरडली, “मीच झ्यूस.” शिडीवरून पुठ्ठ्याची वीज आली, राजा कोसळला, रथ थांबला. मीही थांबायला हवं होतं. पण दोरी तुटली, आणि खरं सांगायचं तर माझी थांबायची इच्छाही नव्हती. मेलेल्या राजाला वळसा घालून मी दणदणत रंगमंचाच्या काठावरून खाली गेलो.

ठण्ण नाही. नुसतं थड. बूड फाटलं होतं.

पुढच्या रांगेने पाय वर घेतले. राजा मेलेलाच राहिला, फक्त एक डोळा उघडून माझ्याकडे बघत होता. नंतर बाई म्हणाल्या, की शेवट फार परिणामकारक झाला, उद्याच्या प्रयोगातही असाच करता येईल का.

“ब्रेकचा विचारच केला नाही मी,” घरी गुरुदत्त पुटपुटला.

“आता तर गळकाही झाला,” मीनल म्हणाली. “शनिवारी नेऊ या.”

मनोरमाबाईंनी मला मांडीवर घेतलं. “फाटला म्हणून टाकायचा? माझेही गुडघे गेलेत. मला कुठल्या डब्यात टाकणार? कागदाच्या की भाजीपाल्याच्या?”

मीनलने माझ्या बुडाच्या फटीतून बोट घालून बघितलं. मग म्हणाली, “तुमच्यासाठी टेर्मिन, म्हणजे आधी ठरवून वेळ, घ्यावी लागेल, आई. आणि इथे टेर्मिन मिळत नाही.”

मनोरमाबाई आधी हसल्या, मग मीनल. गुरुदत्तने मला कारखान्यात नेलं आणि विमानाच्या भागाला द्यावा इतक्या काळजीने बुडाला डाग दिला. पाणी भरून बघितलं. थेंब गळला नाही. शनिवारी मीनलने मला उचललं, तेव्हा मी मनोमन सगळ्यांचा निरोप घेतला. तिने मला सोफ्यासमोर ठेवलं, गरम पाणी ओतलं, मूठभर मीठ टाकलं आणि म्हणाली, “आई, पाय घाला.”

तेव्हापासून मी रोज संध्याकाळी हेच काम करतो. गडगडाट बंद आहे. मित्रांनो, घरातल्या जुन्या वस्तूला आणि जुन्या माणसाला नुसतं कोपऱ्यात जपून ठेवू नका, काहीतरी काम द्या. बिनकामाचं बसलं, की आपण देव असल्याचे भास होतात. मला आता होत नाहीत. मनोरमाबाईंचा डावा पाय जरा जड आहे, तिकडे लक्ष द्यावं लागतं.