कार्डांच्या खणाची दांडी

तिसऱ्यांदाही तेच झालं. ताईनं गिअर रिव्हर्सला टाकला, नाव हातभर धक्क्याकडे सरकली, आणि मागच्या फळीला लावलेली मोटर एकदम वर उचलली गेली. तिचा पंखा पाण्याबाहेर आला आणि हवेत फिरताना मोटर अशी किंचाळली, की पलीकडच्या काठावर फेरी बंद का म्हणून कुरकुरत उभी असलेली माणसंही गप्प झाली. ताईनं चावी फिरवली. मोटर आपल्या वजनानं धपकन पाण्यात बसली आणि काही झालंच नाही अशी शांत राहिली.

"दिसलं का?" ताई नावेतून ओरडली. "की पुस्तकातच डोकं होतं?"

"दिसलं," मी म्हणालो. खरं तर शेवटचा अर्धा भागच दिसला होता. पहिल्या अर्ध्या भागात मी मोटरच्या माहितीपुस्तिकेतलं 'बिघाड व कारणे' हे कोष्टक शोधत होतो.

सकाळचे साडेनऊ झाले होते. चार वाजता तपासणीच्या बाई येणार होत्या. ताई चौऱ्याहत्तर वर्षांची आहे आणि एकतीस वर्षं ह्या पाण्यावर माणसं इकडून तिकडे नेते आहे. सत्तरीनंतर परवाना दर दोन वर्षांनी नवा करावा लागतो आणि त्यासाठी परीक्षा असते: नाव सरळ न्यायची, वळवायची, आणि रिव्हर्स घेत धक्क्याला लावायची. जुन्या परवान्याची मुदत आज संपत होती. आज जमलं नाही तर उद्यापासून फेरी मोठ्या लाँचवाल्यांची. त्यांचा अर्ज कार्यालयात पडूनच होता. ताई म्हणायची, त्यांनी अर्जाबरोबर हारही घेऊन ठेवलाय.

"पंडित, तू तिथे उभा राहून काय करतोयस?" तिनं विचारलं. मी ग्रंथपाल म्हणून निवृत्त झालो आणि तिच्याकडे राहायला आलो, त्या दिवसापासून मी पंडित झालो. त्यात कौतुकाचा अंश नाही.

"कारणं बघतोय."

"कारण मला माहितीये. हुक सुटतोय. मोटर खाली धरून ठेवणारा हुक आहे ना, तो सुटतोय. का सुटतोय ते बघ."

मी वाकून बघितलं. मोटरच्या दोन्ही बाजूंना एकेक वाकडा हुक असतो. रिव्हर्समध्ये पंखा मोटरला वर ओढू बघतो आणि हे हुक तिला वर येऊ देत नाहीत. मला दोन्ही हुक जागेवर दिसले. मी तसं सांगितलं.

"बसलेले दिसतात रे! दिसतात! बसल्यावर सुटतात!"

मी मान डोलावली. मान डोलावणं हे माझ्या बहुतेक मतांचं स्वरूप आहे.

आता इथे मला एक गोष्ट सांगितली पाहिजे, आणि ती मी त्या क्षणीच ताईला सांगायला हवी होती. दोन आठवड्यांपूर्वी, ती दुपारची वामकुक्षी घेत असताना, मी मोटर पुसायला गेलो होतो. मोटरला हात लावायचा नाही असं तिनं मला निदान चारदा बजावलं होतं. पण मी तिच्या घरात राहतो, तिचं खातो, आणि तिच्या कुठल्याही कामात माझा उपयोग होत नाही, हे मला रोज जाणवतं. मोटर नावेला जिथे अडकवलेली असते तिथे आडवी एक लोखंडी दांडी असते. ती गंजली होती. मी ती तेल लावायला काढली. तेल लावलं. तेल लावलेल्या बोटांतून ती सटकली, फळीवर एकदा टणकन आपटली आणि पाण्यात गेली.

मी बराच वेळ पाण्याकडे बघत उभा होतो.

मग मी घरात आलो आणि पुस्तिका उघडली. पान चौदावर लिहिलं होतं की ही दांडी मोटरचा कोन ठरवते. मोटर किती तिरकी राहावी ते तिच्यावर अवलंबून. एवढंच. मला हायसं वाटलं. कोन ठरवायला कुठलीही दांडी चालेल, असा मी विचार केला.

आमच्या ग्रंथालयातली कार्डांची कपाटं मोडीत काढली तेव्हा मी एका खणाची पितळी दांडी आठवण म्हणून घरी आणली होती. पुस्तकांची कार्डं ओवून ठेवायची ती दांडी. 'प' ते 'भ' हा तो खण. मी ती करवतीनं मापाला कापली, टोकं घासली. ती थोडी बारीक होती, म्हणून दोन्ही टोकांना जिल्दसाजीची, म्हणजे पुस्तकं बांधायची, कापडी पट्टी गुंडाळली आणि भोकांत घट्ट बसवली. पितळ चमकायला लागलं तेव्हा त्यावर काळं वंगण फासलं. त्या वंगणाबद्दल मला आजही जास्त लाज वाटते. दांडी हातून पडणं हा अपघात होता, वंगण नव्हतं.

दोन आठवडे काहीच झालं नाही. नाव रोज पुढे जात होती. फेरीत रिव्हर्स लागतच नाही: काठाला नाक लावायचं, माणसं उतरवायची, वल्ह्यानं ढकलून नाव फिरवायची. सराव कर म्हणून मी ताईला एकदा सुचवलं होतं, तर ती म्हणाली, "रिव्हर्स मला झोपेत येतं. तू वाचायचा सराव करतोस का?"

तर आज सकाळी तिनं सहज म्हणून करून बघितलं, आणि हे.

दहा वाजता मी मिस्त्रीला फोन लावला. ताईचे हात तेलात होते, म्हणून बोलायचं काम माझ्याकडे आलं. फोनवर बोलायचं म्हटलं की मला आधी कागदावर लिहून घ्यावं लागतं, आणि आज तेवढा वेळ नव्हता.

"मिस्त्री, रिव्हर्समध्ये मोटर… म्हणजे तिची उचल होते."

"कुणाची उचल, काका?"

"मोटरची. ऊर्ध्व दिशेनं."

"सरळ सांगा ना, वर येतेय का?"

"सरळ सांग त्याला!" ताई मागून ओरडली. "वर येतेय म्हण!"

"वर येतेय."

"मग हुकाची स्प्रिंग मेली असेल. दांडी आहे ना जागेवर?"

मी दांडीकडे बघितलं. काळी, सरळ, आडवी.

"आहे," मी म्हणालो.

"मग स्प्रिंगच. एका कामावर आहे, दोन वाजेपर्यंत घेऊन येतो. तोवर तारेनं ओढून बघा."

आम्ही तारेनं ओढून बघितलं. ताईनं तार बांधली, मी पक्कड धरली. तिनं मागितली तेव्हा मी कात्री दिली. हुक घट्ट झाले, चौथ्यांदा रिव्हर्स टाकला, मोटर वर आली आणि किंचाळली. ताईनं हुकांना, स्प्रिंगला, मिस्त्रीच्या गुरूला आणि मोटरच्या कारखान्यातल्या सगळ्यांना ओळीनं शिव्या घातल्या. पाचव्यांदा. सहाव्यांदा. मी कोष्टकातलं पुढचं कारण वाचून दाखवलं: "पंख्यात गवत किंवा दोरी अडकली आहे काय ते पाहावे."

"पाहावे!" ताई म्हणाली. "पंखा डोळ्यांसमोर हवेत फिरतोय, त्यात गवत असतं तर मी त्याची पेंढी बांधली असती. पुढचं वाच."

"इंधनात पाणी शिरले आहे काय."

"मिट ते पुस्तक."

मी मिटलं. पण बोट पानात ठेवलं, सवयीनं.

दीड वाजता ती पायरीवर डबा उघडून बसली आणि जेवलीच नाही. उजवा हात मांडीवर ठेवून त्याच्याकडे बघत राहिली. बोटं वळवली, उघडली, परत वळवली. मी दोन पायऱ्या खाली, आपण वाचत नाही आहोत असं दाखवत, बोट ठेवलेल्या पानाच्या पुढचं पान उलटून बघितलं. एकतीस. 'रिव्हर्स कुलूप.' त्यात लिहिलं होतं की हुक कोन ठरवणाऱ्या दांडीलाच पकडतात. दांडी मूळ जाडीची नसल्यास हुक तिच्यावर बसल्यासारखे दिसतात, परंतु ओढ लागताच सुटतात.

परंतु ओढ लागताच सुटतात. मी ते वाक्य तीनदा वाचलं. आयुष्यभर लोकांना सांगत आलो की पुस्तक पूर्ण वाचा, नुसतं हवं ते पान उघडू नका. आणि मी चौदावर थांबलो होतो, कारण चौदावर मला सोईचं उत्तर मिळालं होतं.

सांगायला हवं होतं. मनात म्हटलं, मिस्त्री येईल, त्याला दिसेल, तो सांगेल. तो सांगेल तेव्हा मी मान डोलावेन.

"पंडित," ताई म्हणाली. आवाज तिचा नव्हता. "माझ्या हातूनच चुकत असेल का रे?"

"काय?"

"गिअर. नीट पडत नसेल. मी झटका देत असेन. आजकाल कप धरतानाही बोटं… स्प्रिंगला काय झालंय, मागच्या वर्षी तर बदलली. मीच असेन." तिनं डबा बंद केला. "बाईंना फोन करून येऊ नका म्हणावं का? नापास होण्यापेक्षा आपणहून सोडलेलं बरं. लाँचवाल्यांचा हारही वाया जायचा नाही."

स्वतःवर शंका घेणं हे आमच्या घरात माझं काम आहे. साठ-पासष्ट वर्षं ते मी एकट्यानं केलं. ताईला ते करताना मी कधी बघितलं नव्हतं, आणि तिला ते अजिबात जमत नव्हतं. तिनं ते एकदम खरंच धरलं होतं.

"तू नाहीस," मी म्हणालो. "मी आहे."

"तू कुठे गिअर टाकतोस?"

"दांडी. दांडी मी पाण्यात पाडली. दोन आठवड्यांपूर्वी. ही आहे ती माझी आहे. खणाची."

ताई उठली, नावेत उतरली, आणि नखानं दांडीवरचं वंगण खरवडलं. खाली पितळ चमकलं.

"दोन आठवडे," ती म्हणाली.

"हो."

"सकाळपासून मी त्या मेल्या स्प्रिंगला तारा बांधतेय."

"हो."

"आणि तू मला विचारतोयस इंधनात पाणी शिरलंय का!"

"ते कोष्टकात होतं, ताई."

"कोष्टकात तू होतास का? गाढवा, पहिलं कारण म्हणून तूच असायला पाहिजे होतास!" हे वाक्य पलीकडच्या काठावर नक्की ऐकू गेलं असणार. पण आवाज तिचा होता. दहा मिनिटं तरी चाललं. त्यात माझी नोकरी, माझा चष्मा आणि मी सात वर्षांचा असताना विहिरीत टाकलेली बादली हे सगळं आलं.

दोनच्या जागी पावणेतीनला मिस्त्री आला. त्यानं दांडी ओढून काढली. ती मधोमध वाकली होती. टोकाची पट्टी उलगडून त्यानं बोटाला गुंडाळून बघितली.

"काका, ही कसली?"

"जिल्दसाजीची."

"आणि दांडी?"

"कपाटाची. ग्रंथालयाच्या. कार्डं ओवायची असते."

"बावीस वर्षं मोटरी उघडतोय," तो म्हणाला. "लोकांनी चमचा घातलेला बघितलाय, खिळा घातलेला बघितलाय. मावशी, ह्यांना जपा हं, असा माणूस परत मिळायचा नाही."

"घेऊन जातोस?" ताई म्हणाली.

खरी दांडी त्याच्याकडे नव्हती. मागवावी लागणार होती. त्याच्या पेटीत योग्य जाडीचा एक बोल्ट निघाला, पण बोटभर आखूड. एक हुक पूर्ण बसला, दुसऱ्याला जेमतेम टोक मिळालं. एकदा रिव्हर्स टाकून बघितलं. मोटर थरथरली, पण खाली राहिली. "धरेल," मिस्त्री म्हणाला, "पण हळू घ्या. एकदम जोर दिलात तर सांगता येत नाही."

चारला पाच मिनिटं असताना तपासणीच्या बाई आल्या. तरुण होत्या, हातात फळीला चिमटा लावून कागद. ताईनं त्यांना आधीच सांगितलं, "बोल्ट तात्पुरता आहे. खरी दांडी आठवड्यात येईल. मोटर वर आली तर मला नापास करा, पण बोल्ट लपवला असं म्हणू नका." हे ती बाईंना सांगत होती, बघत माझ्याकडे होती.

बाईंनी वाकून बोल्ट बघितला, काहीतरी लिहिलं. "एक प्रवासी लागेल," त्या म्हणाल्या.

"हा आहे," ताईनं माझ्या दंडाला धरून मला नावेत घेतलं. मला पाण्याची भीती वाटते. हे तिला माहीत आहे.

"हे कोण?"

"भाऊ. वाचतो."

मला मागे, मोटरशेजारी बसवलं, पुस्तिका मांडीवर तशीच. बाईंनी बजावलं, "मोटरला कुणी हात लावायचा नाही." नाव सरळ गेली, वळली. मग ताई धक्क्यासमोर आली, मान मागे वळवली आणि गिअर हलकेच ओढला. बोल्ट कुरकुरला. दुसरा हुक हळूहळू टोकाकडे सरकताना मला स्पष्ट दिसत होता. माझे दोन्ही हात आपोआप पुढे आले; टेकवायचे नाहीत म्हणून मी ते हवेत धरून बसलो. ताईनं मोटर आणखी हळू केली, इतकी हळू की बंद पडेल असं वाटलं. हुक थांबला. नाव मागे मागे जात धक्क्याला टेकली. टेकल्याचा आवाजही झाला नाही.

बाईंनी कागदावर शिक्का मारला. खाली शेरा लिहिला: 'दांडी आठ दिवसांत बदलून दाखवणे.' ताईनं तो कागद दोनदा वाचला, घडी करून पोलक्यात ठेवला आणि पलीकडच्या काठाकडे हात केला: येते.

बाई गेल्या. मिस्त्री गेला. जाताना म्हणाला, खरी दांडी काकांच्या हातात देणार नाही.

"ती तुझी काडी कुठाय?" ताईनं विचारलं. मी वाकलेली पितळी दांडी दिली. मला वाटलं, आता पाण्यात जाणार. तिनं ती तेलाच्या डब्यात घातली आणि ढवळून बघितलं.

"ह्याला बरी आहे," ती म्हणाली. मग तशीच ढवळत, "पंडित, पुढच्या वेळी काही पाण्यात पडलं तर—"

"सांगेन."

"कधी?"

"लगेच."

आणि म्हणून मी तिला लगेच सांगितलं, की मघाशी मी हात पुढे केले तेव्हा मांडीवरची माहितीपुस्तिका पाण्यात पडली.

ताईनं ढवळणं थांबवलं.

"देव पावला," ती म्हणाली.