विझव म्हणू नये

चांदभाईच्या सायकलींचं घंटी सोडून सगळं वाजतं, असं माळीवाडा वेशीपाशी कुणीही सांगितलं असतं. तरी रविवारी त्याच्या दुकानापुढे गिऱ्हाइकं असायची. चांदभाई नुसती सायकल भाड्याने देत नसे, सोबत वाट दाखवायला स्वतःही यायचा. कुणाला चिंचखोरीचं पडकं देऊळ बघायचं असलं की चांदभाई पुढे, मंडळी मागे, आणि वाटेत चाक बसलं तर पंक्चर काढायलाही तोच. लढाई चालू झाल्यापासून नवी ट्यूब म्हणजे सोनं. ठिगळावर ठिगळ लावून बिचाऱ्याने धंदा चालू ठेवला होता.

सन पंचेचाळीसच्या फाल्गुनातल्या त्या रविवारी शाळेतले रंगनाथ मास्तर, त्यांच्याबरोबरचे दोन शिक्षक आणि कचेरीतला सहादेव कारकून अशी मंडळी निघाली. सहादेवाला देवळापेक्षा पिशवीतल्या दशम्यांची ओढ जास्त होती. आधी पोटोबा मग विठोबा, असा सरळ हिशेब. आणि मास्तरांच्या कॅरिअरवर, दोन्ही हातांनी सीट घट्ट धरून, डोळे मिटून बसली होती त्यांची थोरली बहीण कडूबाई. आधीची भावंडं जगली नाहीत म्हणून हिचं नाव कडू ठेवलेलं. स्वभाव मात्र गुळासारखा. पाथर्डीकडच्या सासरहून ती आठवड्यापूर्वीच भावाकडे आली होती.

बाईमाणूस कशाला, असं चांदभाईच्या मनात आलं होतं. पण मास्तर म्हणाले, "ती ऐकेचना. देवळात जायचंच म्हणते." मग काय बोलणार? लष्करी लॉऱ्यांची धूळ खात मंडळी शहराबाहेर पडली.

डोंगराचा चढ लागला तसे सगळे उतरून सायकली ढकलू लागले. कडूबाईने चालता चालता चांदभाईला गाठलं.

"रंगा म्हनला, तुमचा बी पोरगा बर्मात हाय."

"व्हय ताई. महमूद. पलटनीतल्या मोटारी दुरुस्त करतो."

"कागद येतो का?"

"दिवाळीच्या आधी आल्ता. मंग न्हाई."

"आमच्या मालकांचा बी न्हाई," कडूबाई म्हणाली. तिचा नवरा, कारभारी त्याचं नाव, तिकडेच लॉरी चालवत होता. हे चांदभाईला मास्तरांनी सांगितलेलं. तिने स्वतः नवऱ्याचं नाव घेणं शक्यच नव्हतं. मग कमरेची चंची चाचपून ती म्हणाली, "दोन वड्या आनल्यात कापराच्या. दोन्ही मालकांसाठीच आनल्या हुत्या. पर येक तुमच्या पोराच्या नावानं लावते. महमूदच न्हवं?"

चांदभाईने सायकल थांबवून तिच्याकडे बघितलं.

"पर ताई, हितं कशाला? नगरात देवळं काय कमी हायती?"

"तितं रोजची रांग. कुनाकुनाचं ऐकंल देव? ह्या देवाला कुनी दिवा दावला न्हाई कवापासनं. उपाशी देव लवकर पावतो, चांदभाई."

आता खरी गोम इथेच होती. त्या देवाला इतकी वर्षं कुणी दिवा दाखवला नव्हता, कारण दाखवण्याची सोय नव्हती. गाभाऱ्यावरचं शिखर कधीचं कोसळलेलं. वर आभाळ दिसेल एवढं भगदाड, आणि भगदाडाच्या कडेला, बाहेर आलेल्या दगडाखाली, आग्यामोहोळ. सुपाएवढं. गाभाऱ्यात काही पेटवलं की धूर चुलीच्या धुराड्यातून जावा तसा सरळ त्याच्या तोंडाशी जाणार. आग्यामोहोळ उठलं तर बैलसुद्धा वाचत नाही, हे मुलखातल्या पोरालाही ठाऊक असतं.

म्हणून चढ संपला की देवळाखालच्या लिंबाखाली मंडळींना थांबवून चांदभाई दर वेळी सगळं सांगायचा. आजही सांगितलं.

"वर मोहोळ हाय. बिडी वढायची न्हाई. मोठ्यानं बोलायचं न्हाई. अत्तर, वासाचं तेल लावलं आसंल तर रुमालानं पुसा."

सहादेवाने डोकं पुसलं. यापुढचं वाक्य ठरलेलं होतं. देवाला धूप, उदबत्ती, कापूर काही लावायचं नाही. हे वाक्य बोलताना चांदभाईची जीभ नेहमीच अडखळायची. मुसलमान माणसाने हिंदूंना त्यांच्याच देवापुढे दिवा लावू नका म्हणायचं, ऐकणारा भला असला तर ठीक, नाहीतर भलतंच व्हायचं. तरी तो सांगायचा. जिवाशी गाठ होती.

आज त्याने तोंड उघडलं आणि समोर कडूबाई दिसली. ती त्याच्याकडे बघून हसत होती. एकाच पेठेत घर असल्यासारखी, एकाच घोरात अडकलेल्या माणसाकडे बघावं तशी. चांदभाई ते वाक्य गिळून म्हणाला, "चला. वाकून चला."

खोटं कशाला बोला? त्याला ती वडी लागायला हवी होती. घरी हाजराबी पाच वेळा नमाज पढून दुवा मागत होती, दर्ग्यावर गलेफ चढवून झाला होता, आणि तरी टपालवाला दारावरून तसाच पुढे जायचा. कुणी तरी, कुठल्या तरी दारी, महमूदचं नाव घेणार होतं. बुडत्याला काडीचा आधार. एवढीशी कापराची वडी, डोळ्याची पापणी लवेपर्यंत जळून जाते, तिचा असा कितीसा धूर होणार, असं तो स्वतःला समजावत होता आणि दर पावलाला वर बघत होता.

सभामंडपात गारवा होता. खांबांवरची शिल्पं झिजून गेलेली, एका कोपऱ्यात शेरडांच्या लेंड्या, आणि सगळ्यावर त्या मोहोळाची संथ गुणगुण. मास्तर हलक्या आवाजात काही समजावून सांगू लागले. चांदभाई बॅटरीचा उजेड धरून उभा होता, पण त्याचं एका अक्षराकडेही लक्ष नव्हतं. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं, अशी त्याची गत झाली होती. बाईला बाजूला घेऊन सांगावं का? ताई, नका लावू? मग ती विचारणार, मघाशी का नाही बोललात? आणि महमूदची वडी?

तो दोनदा तिच्याकडे गेला. पहिल्यांदा ती म्हणाली, "किती थंड हाय न्हाई हितं." दुसऱ्यांदा तिने नुसती मान हलवली, काळजी करू नका, माझ्या लक्षात आहे, अशी. दोन्ही वेळा तो तसाच परत आला. भित्रा कुठला, त्याने मनातल्या मनात स्वतःला शिवी घातली. पाच माणसं भरवशावर घेऊन आलाय आणि एका बाईशी बोलायला जीभ रेटत नाही.

"चांदभाई, जरा उजेड इकडे," मास्तर म्हणाले. तुळईवर पुसट अक्षरं होती. चांदभाईने हात उंच केला. मास्तर एकेक अक्षर लावत बसले. हात भरून आला. आणि तेवढ्यात कापराचा वास आला.

त्याने वळून पाहिलं. कडूबाई जागेवर नव्हती.

बॅटरी तशीच टाकून तो गाभाऱ्याच्या दाराशी धावला. आजवर त्याने तो उंबरा कधी ओलांडला नव्हता. लोकांना आत सोडून तो बाहेर उभा राहायचा, ते त्याचं त्यानेच ठरवलेलं. आत पिंडीपुढे कडूबाई हात जोडून, डोळे मिटून बसली होती. एक वडी पेटली होती. वडीपुरतंच असतं तर निभावलं असतं. पण भगदाडातून वर्षानुवर्षं पडलेला पाचोळा, पारव्यांच्या घरट्यांच्या काड्या, सगळं तिथेच साठलेलं. त्या पाचोळ्याने पेट घेतला होता आणि पांढरा दाट धूर सरळ वर चालला होता.

वरची गुणगुण बदलली. लांबून मोटार यावी तसा आवाज झाला.

"विझवा!" चांदभाई ओरडला. "ताई, विझवा ती! विझवा!"

मंडपातले सगळे जागच्या जागी थिजले. मोहोळामुळे नव्हे, त्या शब्दामुळे. देवापुढच्या ज्योतीला विझव कुणी म्हणत नाही. मालव म्हणतात, शांत कर म्हणतात, दिव्याला पदर द्या म्हणतात. चांदभाईच्या घरीसुद्धा हाजराबी चिमणी फुंकताना "बत्ती बढाती हूं" म्हणायची. आणि ही तर कुणाच्या आयुष्यासाठी लावलेली. कडूबाईने डोळे उघडले, पण तिला हलताच येईना. ती तोंडाला हात लावून त्याच्याकडे बघत राहिली.

मग चांदभाई उंबरा ओलांडून आत गेला. पिंडीपुढे पाय कसा मारायचा? गुडघे टेकून त्याने दोन्ही तळहात त्या जाळावर दाबले. कातडी चरचरली. वडी, पाचोळा, निखारे, सगळं दाबून दाबून गार केलं आणि कडूबाईला दंडाला धरून मंडपात ओढलं.

"कोपऱ्यात बसा. अंधारात. हलू नका कुनी."

खांद्यावरचं घोंगडं त्याने तिच्यावर टाकलं. माश्या आल्या. सगळं मोहोळ उठलं नव्हतं, नाहीतर ही गोष्ट सांगायला कुणी उरलं नसतं. पण आल्या त्या पुष्कळ होत्या. मंडपाच्या दारातल्या उजेडात त्या घिरट्या घालत होत्या. सहादेवाच्या मानेला एक डसली, मास्तरांच्या कानाला एक. कुणी हूं की चूं केलं नाही. चांदभाईच्या गालावर एक माशी चालत होती. त्याने डोळे मिटून घेतले.

घोंगड्याखालून कडूबाई कुजबुजली, "चांदभाई."

"बोलू नका, ताई."

"ती तुमच्या महमूदची हुती."

त्याला आधी कळलंच नाही.

"आदी दुसऱ्याचं करावं, मंग आपलं, आसं आय म्हनायची. म्हनून तुमच्या पोराची पयली लावली. आमची चंचीतच हाय." तिचा आवाज फुटला. "मला दुसरीकडं लावाया पायजे हुती. माझं ध्यान न्हवतं."

माशी गालावरून उडून गेली. चांदभाईला ते कळलं नाही. त्याला फक्त आपला आवाज ऐकू येत होता. विझवा. एकदा नव्हे, तीनदा. आणि हात त्याचेच. आजवर कधी आत पाय न ठेवणारा तो, आज गेला तो स्वतःच्या पोराच्या नावाची ज्योत तळहाताखाली दाबायला. त्याला मोठ्याने रडावंसं वाटलं आणि रडायचीही सोय नव्हती. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हा.

बऱ्याच वेळाने गुणगुण संथ झाली. एकेक जण वाकून, पाय न वाजवता बाहेर पडला. लिंबाखाली पोचल्यावर सहादेवाला वाचा फुटली.

"चांदभाई, कापूर लावू नका, एवढं आधी सांगता येत नव्हतं? आणि वर देवासमोर विझवा म्हणता? बाईचा नवस मोडलात तुम्ही."

चांदभाई लिंबाच्या बुंध्याशी जाऊन बसला. सांगायला हवं होतं, हे खरंच होतं.

"गप रे सहादेवा," सुजलेला कान धरून मास्तर म्हणाले. "जीव वाचला ते बघ." पण तेही चांदभाईच्या नजरेला नजर देत नव्हते.

कडूबाई मात्र सरळ त्याच्यापुढे येऊन बसली. त्याचे हात उलटे करून तिने पाहिले. तळव्यांना फोड आले होते. तिने पदराने राख हलकेच पुसली, मग चंचीतून उरलेली वडी काढून एका सपाट दगडावर ठेवली.

"हितनं देऊळ दिसतंय, म्हंजी देवाला आमी बी दिसतोय. काडी मी वढते. नावं तुमी घ्या. मला काय मालकांचं नाव घेता येत न्हाई, तुमाला ठावं हाय. दोगांची घ्या. येकाच वडीत."

"ताई, ही तुमची हाय."

"घ्या म्हनते न्हवं."

माळावर वारा होता. पहिली काडी गेली. दुसरीही गेली. मास्तर आणि ते दोघे शिक्षक पाठ करून आडोशाला उभे राहिले. सहादेवही कुरकुरत त्यांच्यात जाऊन उभा राहिला. तिसऱ्या काडीला वडी पेटली. चांदभाईने फोड आलेले हात दोन्ही बाजूंनी धरले. ज्योत वाकली, थरथरली, पुन्हा उभी राहिली.

"कारभारी," तो स्पष्ट म्हणाला.

कडूबाईने कपाळ जमिनीला टेकवलं.

आता महमूद. वडी अजून अर्धी होती. त्याने ओठ उघडले. तेवढ्यात वाऱ्याची झुळूक आली आणि ज्योत आडवी झाली. नाव तोंडात असताना गेली तर? आपल्याच हाताने एकदा झालं, आता आपल्याच तोंडून? तो थांबला. ज्योत सावरली. म्हणू का आता? पुन्हा वारा. आत्ता म्हणतो, आत्ता, असं करत तो हात गोल धरून बसला, आणि वडी लहान लहान होत दगडावर काळा डाग ठेवून संपली.

"महमूदचं ऐकाया आलं न्हाई," कडूबाई डोकं वर करून म्हणाली.

"मनात घेतलं, ताई."

"मनातलं आदी पोचतं," ती म्हणाली आणि समाधानाने उठली.

सायकली उताराला लागल्या. चांदभाई पुढे होता. ब्रेक दाबला की फोड चरचरायचे. आता मोठ्याने नाव घ्यायला कुणाची हरकत नव्हती, विझायलाही काही उरलं नव्हतं. तरी वेस येईपर्यंत त्याला ते तोंडातून काढायचा धीर झाला नाही.